निळ्या फाटकाचे गाणे

ठेका थांबला होता आणि स्टुडिओच्या काचेपलीकडचे तिघे वाट पाहत होते. हेडफोनमध्ये उरली होती ती नुसती विजेची बारीक गुणगुण, माणूस उठून गेल्यावर खोलीत त्याचा वास उरावा तशी. जनरल सेरसी मायक्रोफोनसमोर उभा होता. नुकताच त्याच्या कानांत एक पत्ता सांगितला गेला होता. एका माणसाची गल्ली, त्याचा जिना. तो पत्ता त्याने गाण्यात घालावा, एवढीच मागणी होती.

"ऐकू आलं ना, काका?" पलीकडून ओशेनने विचारले. "बेकरीच्या मागची गल्ली. पांढरा जिना. वरच्या मजल्यावर राहतो डीकन."

 सेरसीला काचेत स्वतःचा चेहरा दिसत होता आणि त्याच्या आरपार ते तिघे. बटणांच्या टेबलाशी बंटिंग, ज्याने त्याचे पहिले गाणे ध्वनिमुद्रित केले होते आणि आता शेवटचे करत होता. भिंतीशी उभी असलेली सेरसीची मुलगी नॉर्डिया, हातात काढ्याचा थर्मास. आणि मधोमध, फोन उंच धरून त्याचे चित्रण करणारा ओशेन. त्याच्या बापासारखे रुंद कपाळ, बापासारखेच एका बाजूला झुकलेले हसू.

सोमवारी डॉक्टर सेरसीचे स्वरयंत्र काढणार होते. गाठीसकट सगळे. त्यानंतर गळ्याला एक भोक राहील आणि त्यातून हवा येत-जात राहील, दार नसलेल्या घरातून यावी तशी.

"काय रे सेरसी, झोपलास की काय उभ्या उभ्या?" बंटिंगने काचेवर टकटक केले. "गाऊन टाक. मला बायकोनं बकरीच्या डोक्याचं सूप ठेवलंय. गार झालं तर ती मला त्यातच बुडवेल."

नॉर्डियाने थर्मास दुसऱ्या हातात घेतला.

सेरसीचे खरे नाव अ‍ॅस्टली ब्रॅमवेल. किंग्स्टनच्या वस्त्यांत प्रत्येक आई रानकारल्याच्या वेलाचा कडू काढा, सेरसी, पोराचे नाक दाबून पाजते. पोरगा असतानाच त्याने ते नाव उचलले आणि आयुष्यभर तोच काढा साऱ्या बेटाला पाजला. त्याच्या गाण्यांत प्रेम नव्हते, समुद्र नव्हता. होते ते धमकावणे, हिणवणे, खड्डे खणणे. आवाज असा की गंजलेल्या पत्र्यावरून कुणी खिळा ओढतो आहे. रेडिओने त्याच्यावर बंदी घातली, तेव्हा प्रत्येक मिनीबसमध्ये तो वाजू लागला. परदेशांनी व्हिसा नाकारले, तेव्हा त्याच्या कॅसेटी विमानाने जाऊ लागल्या. मंचावर त्याने एकदा प्रतिस्पर्ध्याचा दात मायक्रोफोनने पाडला होता. तो दात कुणीतरी उचलून नेला आणि अजूनही दाखवतो, म्हणतात.

पण माणसे त्याला ओळखत एकाच गाण्याने.

साउंड म्हणजे कपाटाएवढ्या स्पीकरांची भिंत, ती उभी करणारी टोळी आणि तबकड्या निवडून लावणारा सिलेक्टर. दोन साउंड एका मैदानात समोरासमोर ठाकले की एकाने दुसऱ्याला पुरायचे असते, आणि पुरायचे ते गाण्याने. नामांकित गायकाकडून प्रतिस्पर्ध्याचे नाव घेऊन खास गाऊन घ्यायचे, त्याची एकच तबकडी बनवून घ्यायची आणि वेळ आली की सुईखाली सोडायची. त्याला म्हणायचे स्पेशल. इतर गायक नुसते नाव घेत. सेरसी नावावर थांबत नसे. त्याला माणसाची चप्पल माहीत असायची, त्याचे उधारीचे दुकान माहीत असायचे, त्याची सासू त्याला काय म्हणते ते माहीत असायचे. तपशील जितका नेमका, तितका जमाव पेटायचा. स्पीकरांतून स्वतःचेच अंगण ऐकू आले की सिलेक्टरचे हात तबकडीवर थिजायचे. त्या थिजण्यासाठीच लोक येत.

ओशेनचा बाप पायलट हा त्या काळचा सर्वांत हजरजबाबी सिलेक्टर. त्याच्याविरुद्धचे स्पेशल सेरसीने एका दुपारी याच खोलीत गायले होते:

*निळं फाटक, अ‍ॅकीचं झाड,*
*पायलट, पेटी आलीय, काढ कवाड!*

शवपेटी घेऊन दारात उभे राहण्याची ती कल्पना. मैदान अक्षरशः उसळले होते. लोकांनी कुंपणाचे पत्रे बडवले, भांडी बडवली, आकाशात गोळ्या झाडल्या. त्या उसळत्या गर्दीत दोन माणसे मात्र उसळली नव्हती. ती कित्येक महिने पायलटला शोधत होती, वस्तीच्या राजकारणातल्या कुठल्याशा हिशेबासाठी. आणि तो दर आठवड्याला झोपायची जागा बदलत होता. निळे फाटक आणि अ‍ॅकीचे झाड एकत्र असे त्या भागात एकच घर होते. तिथे त्याची गर्भार मैत्रीण राहत होती. रविवारी सकाळी, मीठमासा आणि झाडावरून उतरवलेल्या अ‍ॅकीची न्याहारी ताटात असताना, पायलटने त्या दोघांसाठी कवाड काढले.

सेरसीला ती दोन माणसे माहीत नव्हती, हे खरे. पायलट घरे का बदलतो, हे त्याने कधी विचारले नव्हते, हे अधिक खरे. त्याला फाटकाचा रंग हवा होता. झाडाशी कवाडाचे यमक आपसूक पुढे आले होते.

पुढच्या प्रत्येक मुलाखतीत त्याने एकच वाक्य म्हटले: "ते शब्द आहेत, गोळ्या नव्हेत." इतक्या वेळा म्हटले की त्या वाक्याला त्याच्या तोंडात गुळगुळीत जागा झाली, सिगारेटला ओठांत होते तशी. आणि ते गाणे त्याला मोठे करत गेले. त्याच्यानंतर आलेल्या पोरांनी त्याचा खरखरीत गळा उचलला, त्याचे पत्ते सांगणे उचलले. आता बेटावर गायक कमी आणि पत्ते जास्त झाले होते.

"डॅडी," नॉर्डियाने बंटिंगचे बटण दाबून विचारले, "बरं वाटत नाहीये का? थांबायचं का?"

"त्यांना बोलू दे की ताई," ओशेन म्हणाला. "काका, काही अडलंय का?"

"डीकन." सेरसीचा आवाज घशातल्या गाठीला वळसा घालून बाहेर आला. "हा तो बेकर्सफील्ड साउंडचा पोरगा ना? तो घर सोडून गेलाय असं ऐकलं होतं मी."

"गेलाच होता. चार जागा बदलल्या." ओशेनच्या आवाजात शोध लावणाऱ्याचा अभिमान होता. "कुणालाच माहीत नाही. माझी मावसबहीण त्याच्या बायकोचे केस विणते, तिच्याकडून कळलं. शनिवारी सामना आहे. तो नव्या घरात लपून बसलाय आणि स्पीकरमधून त्याचाच जिना! विचार करा काका. हात तिथल्या तिथे गोठतील त्याचे."

"का लपलाय?"

ओशेनने खांदे उडवले. "पोलिसांकडं काहीतरी बोलला म्हणतात. कुणाला तरी पाहिलं म्हणे कुठंतरी. मला काय त्याचं? मला सामना जिंकायचाय."

बंटिंगने मान खाली घातली आणि टेबलावरची नसलेली धूळ पुसली. या शहरात पोलिसांकडे बोललेल्या माणसाचा पत्ता कशाला लागतो, हे त्या खोलीत कुणाला समजावून सांगायची गरज नव्हती.

"तुझ्या आईला ठाऊक आहे, तू इथं आलायस ते?" सेरसीने विचारले.

"आईनं फाटक हिरवं केलंय," ओशेन म्हणाला. "मी रांगत होतो तेव्हाच. तरी अजून जपानहून पोरं येतात, इंग्लंडहून येतात. विचारतात, निळं फाटक कुठंय? आई त्यांच्यावर गरम पाणी फेकते. मी त्यांना बाजूला नेतो आणि हिरव्याखालचा निळा रंग दाखवतो. खरवडून." त्याचा फोन जरासा खाली आला. "तुम्हाला वाटत असेल, मी रागानं आलोय. तसं नाही. माझ्याकडं बापाचा फोटो नाही. आवाज नाही. अख्ख्या जगात त्याचं नाव एकाच ठिकाणी आहे, तुमच्या गाण्यात. शाळेत पोरं मला पाहून ते गाणं म्हणायची आणि मी पण म्हणायचो, सगळ्यांत मोठ्यानं. तसं गाणं मला पाहिजे. तुमच्या गळ्यातलं. शेवटचं."

सेरसीने डोळे मिटले. पायलटच्या मयतीला तो गेला नव्हता. या मुलाला त्याने आयुष्यभर रस्त्याच्या दुसऱ्या बाजूने पाहिले होते. म्हणूनच, गेल्या आठवड्यात तो दारात येऊन उभा राहिला आणि "काका, मला एक स्पेशल द्या" म्हणाला, तेव्हा नाही म्हणायला त्याच्याकडे तोंड नव्हते. त्याला वाटले होते, पोराला बापाच्या जागी बसवणारे काहीतरी आपण गाऊ. जाता जाता एक दार उघडून जाऊ.

"लाव ठेका," तो म्हणाला.

तोच ठेका. तोच जुना, बुटक्या पायांचा, छातीच्या खालच्या फासळीवर येऊन आपटणारा बास. आणि मग जे व्हायला नको होते ते झाले. ते करायला त्याला काहीच करावे लागले नाही. आयुष्यभर ज्या जागेतून शब्द येत, त्या जागेला सोमवारची बातमी लागलेली नव्हती. तिला बेकरी मिळाली होती, जिना मिळाला होता, आणि पाव भाजणाऱ्या भट्टीप्रमाणे ती आपले काम करू लागली होती. त्याला ओळ ऐकू आली. पूर्ण, चमकणारी, एकही अक्षर न हलणारी. गेल्या कित्येक वर्षांत अशी ओळ त्याला सुचली नव्हती. ती बसते का हे पाहण्यासाठी, फक्त पाहण्यासाठी, जिभेवर खडीसाखर फिरवावी तशी त्याने ती ओठांतल्या ओठांत फिरवली:

*बेकरीमागची गल्ली, पांढरा जिना,*
*डीकन, पेटी आलीय, खाली ये ना!*

ती बसत होती. "ये ना" मधले ते लाडिकपण. आई मुलाला हाक मारते तसे. त्याच्या दंडांवर काटा आला. किती भयंकर चांगली ओळ आहे, असे त्याला वाटले. आणि त्या वाटण्याच्या पाठोपाठ, खूप उशिरा निघालेल्या माणसासारखा धापा टाकत, दुसरा विचार आला: रविवारची सकाळ, ताटातली न्याहारी, कवाडाची कडी.

"थांबव," तो म्हणाला.

ठेका थांबला. काचेपलीकडे बंटिंगचा हात हवेत अडकला होता. नॉर्डिया सेरसीकडे अशा नजरेने पाहत होती की जणू तिला लहानपणीचे काहीतरी आठवले होते.

"पत्ता नाही घालणार मी," सेरसी म्हणाला. "ऐक, ओशेन. मी त्याचे स्पीकर पुरतो. त्याचे कान पुरतो. त्याच्या चड्डीचं कापड कुठून आलं ते सांगतो. पण तो जिना नाही."

"मग मजा काय राहिली?"

"आणि तुझ्या बापाला आणतो वर. पायलट जिवंत आहे, पोराच्या हातात त्याचे हात आहेत, असं गातो. हे आजवर कुणी केलं नाही. ज्यानं पुरलं त्यानंच उकरून काढायचं."

ओशेनने तोंड वाकडे केले. "रविवारी चर्चमध्ये वाजवू का ते?"

"वाजवून तर बघ, गाढवा," बंटिंग एकदम म्हणाला. "तुझ्या बापानं हे ऐकलं असतं तर टेबलावर चढून नाचला असता. तुला काय कळतंय त्यातलं!"

 शेवटी ओशेनने हाताने खूण केली: चला.

सेरसी गायला. पहिल्या ओळीला त्याचा गळा फाटला, दुसरीला त्या फाटीतूनच आवाज आला, आणि मग त्याने गळ्याची पर्वा सोडली. डीकनच्या स्पीकरांत कोंबड्या अंडी घालतात, तो म्हणाला. त्याचा बास ऐकून कुत्रीसुद्धा झोपतात. त्याच्या तबकड्यांवर त्याची आजी भाकरी भाजते. नॉर्डियाला हसू फुटले. बंटिंगने पायाने ताल धरला. आणि जिथे पत्ता यायचा तिथे सेरसीने चार ठोके रिकामे सोडले. नुसता बास, चार वेळा दारावर थाप पडावी तसा. मग तो कुजबुजला:

*पायलट, कवाड काढ. कुणी नाही आलेलं.*
*तुझंच पोर आहे, उशीर त्याला झालेला.*

शेवटच्या शब्दावर आवाज गेला. खोल पाण्यात दगड जावा तसा गेला. त्याने पुन्हा तोंड उघडले, पण आता तिथे फक्त हवा होती. त्याने हेडफोन काढून खुंटीला लावले आणि ते सरळ केले, जणू उद्या पुन्हा यायचे आहे.

बाहेर आंब्याच्या झाडाखाली ऊन-सावली होती. कडेला दोन म्हातारे डॉमिनोच्या सोंगट्या टेबलावर आपटत होते आणि एकमेकांच्या खानदानाचा उद्धार करत होते. सेरसी बाकावर टेकला. नॉर्डियाने थर्मासच्या झाकणात काढा ओतला.

"छान होतं, डॅडी," ती म्हणाली. तिने त्याच्या गाण्याविषयी असे पूर्वी कधीच म्हटले नव्हते. लहानपणी त्याची गाणी लागली की ती कानांवर उशी घेत असे.

त्याने कडू घोट गिळला. गळा जळत होता, तरी आत कुठेतरी हलके झाले होते. शनिवारी त्या रिकाम्या ठोक्यांशी मैदान गप्प होईल. लोकांना वाटेल, आता पत्ता येणार; आणि पत्ता येणारच नाही. त्या चार ठोक्यांत जगाने आपल्याला आठवावे, असे त्याला वाटले. एवढे मागायला हरकत नव्हती.

फाटकापाशी ओशेन त्याच्या साउंडच्या दोन पोरांना काहीतरी ऐकवत होता. तिघांची डोकी फोनवर वाकली होती. मग एक पोरगा मागे सरकला, दोन्ही हातांनी डोके धरले आणि ओरडला, "अरे देवा! मेला तो! तिथंच मेला!" दुसऱ्याने फाटकाचा पत्रा धडाधड बडवला.

सेरसीला आपल्या गाण्यात इतकी उसळी घेण्यासारखी जागा आठवेना. मग वाऱ्यावरून ती त्याच्यापर्यंत आली. खरखरीत, खासगी, ओठांतल्या ओठांत पुटपुटलेली. आणि म्हणूनच अधिक जवळची, अधिक भयाण:

*...पांढरा जिना, डीकन, पेटी आलीय, खाली ये ना!*

तो उठला. झाकणातला काढा नॉर्डियाच्या पायांवर सांडला.

"बंटिंग!" त्याला ओरडायचे होते, घशातून कागद चुरगळल्याचा आवाज निघाला. नॉर्डियाने त्याच्यासाठी हाक मारली. बंटिंग दारात आला, आणि त्याच्या चेहऱ्यावरून कळले की त्याला सगळे आधीच कळले होते.

"माईक चालूच होता, सेरसी," तो हळू म्हणाला. "तू आत पाऊल टाकलंस की मी सुरू करतो, तुला माहीत आहे. आयुष्यभर तसंच केलंय. तुझ्या सगळ्या चांगल्या ओळी तुला गाणं सुरू व्हायच्या आधीच सुचतात. मी माझ्याकडची पुसली. लगेच पुसली. पण ओशेन माझ्या खोलीतल्या स्पीकरसमोर फोन धरून उभा होता."

सेरसी फाटकाकडे निघाला. नॉर्डिया दंड धरून चालत होती. ओशेनने त्याला येताना पाहिले आणि फोन खिशात घातला; पण त्याच्या चेहऱ्यावर लाज नव्हती, होती ती भक्ती.

"काका," तो म्हणाला, "काय सुचलंय तुम्हाला! तुम्ही म्हणाला नाही गाणार, आणि त्याच्या आधीच गाऊन बसला होता. असा माणूस पुन्हा होणार नाही."

सेरसीने हात पुढे केला. तळवा वर. दे.

"दुसरं पण आहे ना, बापाचं. ते पण वाजवीन. आधी ते, मग हे. ठोके रिकामे सोडलेत तुम्ही, त्यात ही ओळ अगदी मापात बसते. मी लावून बघितली." त्याने पोरांकडे पाहिले. "बसते ना?"

"सुरीसारखी," एक पोरगा म्हणाला.

"माणूस मारतील, ओशेन." नॉर्डिया म्हणाली. "तुला माहितीय मारतील. तुझ्या घरी हेच झालंय. तुझ्याच आईच्या दारात."

ओशेनने तिच्याकडे पाहिले, मग सेरसीकडे, आणि त्याचे ते एका बाजूला झुकलेले हसू उमटले. पायलटचे हसू, तबकडी सुईखाली सोडण्याआधीचे.

"ते शब्द आहेत, ताई," तो म्हणाला. "गोळ्या नव्हेत. काकांनीच शिकवलंय."

आंब्याखाली डॉमिनोची शेवटची सोंगटी आपटली गेली. कुणीतरी जिंकले. सेरसीने ओशेनच्या शर्टाची कॉलर पकडली. ज्या हातांनी त्याने कधीकाळी माणसांचे दात पाडले होते, त्या हातांत आता कॉलर चुरगळण्यापुरताच जोर होता. त्याने तोंड मुलाच्या कानाजवळ नेले. गाठीमागे, सगळ्यांत तळाशी, अजून काहीतरी उरले होते. सोमवारपर्यंत ते पुरवायचे होते, नॉर्डियाला एक वाक्य बोलायचे होते, देवालाही एखादे. त्याने ते सगळे इथेच खर्च केले.

"मला माहीत नव्हतं," तो म्हणाला. प्रत्येक शब्द खरवडून काढावा लागत होता, हिरव्याखालच्या निळ्या रंगासारखा. "तुला माहीत आहे. पुसशील ना?"

ओशेनने त्याची बोटे कॉलरवरून सोडवली. एकेक करून, फार हळुवारपणे, आजाऱ्याच्या हातातला पेला काढून घ्यावा तशी. मग खिशावर हात ठेवून तो वळला, आणि दोन्ही पोरे त्याच्या मागोमाग, पावलांनीच तो जुना ठेका धरत, उन्हातून गल्लीच्या तोंडाकडे चालू लागली.